मोरीतल्या आणि मळक्या कपड्यांतल्या मुंग्या: खडू, स्प्रे, जेल आणि बोरिक पावडर यांचं परीक्षण

साखरेच्या डब्याला लागलेल्या मुंग्यांची तक्रार कुणीही चारचौघांत करतं. संडासाच्या भांड्याच्या कडेने फिरणाऱ्या, धुण्याच्या बादलीतल्या आतल्या कपड्यांवर चढणाऱ्या, बाळाच्या ओल्या दुपट्यावर किंवा अंथरुणाला खिळलेल्या माणसाच्या चादरीवर जमणाऱ्या मुंग्यांबद्दल मात्र दुकानात विचारायलाही लाज वाटते. मग दुकानदार जे हातात ठेवेल ते घेऊन माणूस घरी येतो, आणि बहुतेक वेळा ते खडू किंवा स्प्रे असतं. स्वयंपाकघरातल्या ओट्यावर या दोन्हींचा थोडाफार उपयोग होतोही. अंगातून बाहेर पडणाऱ्या द्रवांवर येणाऱ्या मुंग्यांसाठी ते जवळजवळ निरुपयोगी आहेत, आणि एका जातीच्या बाबतीत तर उलट त्रास वाढवतात.

निकाल आधीच सांगून टाकतो. मेडिकलमध्ये मिळणारी साधी बोरिक पावडर, योग्य प्रमाणात साखरपाण्यात मिसळलेली, या कामासाठी सगळ्यांत उत्तम. दुसऱ्या क्रमांकावर मुंग्यांसाठीची आयती जेल. खडू फक्त कोरड्या चौकटीपुरता. स्प्रे या कामाला नको. आणि मुंग्या लघवीवर येत असतील तर या चौघांच्याही आधी लघवी तपासण्याच्या पट्ट्यांची डबी विकत घ्यावी.

मुंग्या नेमक्या कशासाठी येतात

हे कळल्याशिवाय कोणतंही आमिष चालत नाही, म्हणून इथे थोडं थांबू. मुंग्यांचा रोजचा आहार गोड असतो: फुलांचा मध, मावा आणि पिठ्या ढेकूण यांच्या अंगातून झिरपणारा चिकट रस, आपल्या घरातली साखर. त्यातून पळायला ताकद मिळते, पण दोन गोष्टी कमी पडतात. एक सोडियम, म्हणजे मीठ. दुसरी नायट्रोजन, म्हणजे अळ्या वाढवायला लागणाऱ्या प्रथिनांचा कच्चा माल. माणसाच्या लघवीत या दोन्ही गोष्टी असतात. प्रौढ माणूस दिवसाला साधारण २० ते ३० ग्रॅम युरिया लघवीवाटे टाकतो, आणि खाल्लेल्या मिठाचा बहुतांश भागही त्याच वाटेने जातो. ताज्या लघवीत पाणीच जास्त. ती फरशीवर सुकत जाते तसा युरिया आणि मीठ दाट होत जातं. म्हणून मुंग्या पुष्कळदा धार पडल्यापडल्या येत नाहीत, कडेचा डाग वाळायला लागला की येतात.

ऑस्ट्रेलियातल्या कांगारू बेटावर एका जातीच्या मुंगळ्यांवर झालेलं संशोधन २०२० साली प्रसिद्ध झालं. तिथले मुंगळे लघवी जिरलेली वाळू उकरून युरिया मिळवतात असं त्यात दिसलं, आणि युरियाचं द्रावण जितकं तीव्र तितके ते जास्त आले. याचं कारण त्यांच्या पोटात आहे. कॅम्पोनोटस या कुळातल्या मुंग्यांच्या शरीरात ब्लॉकमॅनिया नावाचे जिवाणू राहतात. ते युरिया फोडून त्यातला नायट्रोजन मुंगीला वापरता येईल अशा रूपात आणून देतात. आपल्या अंगणातला मोठा काळा मुंगळाही याच कुळातला. तेव्हा पावसाळ्याआधी मोरीच्या जाळीपाशी पाच-सहा मुंगळे घुटमळताना दिसले तर ते बहुधा याच कामासाठी आलेले असतात आणि घरातल्या कुणालाही काही आजार नसतो.

मिठाचंही असंच. अमेरिका खंडातल्या मुंग्यांवरचा २००८ सालचा अभ्यास सांगतो की समुद्रापासून जितकं आत जावं तितकी मुंग्यांची मिठाची भूक वाढते. किनाऱ्यावर वाऱ्याबरोबर येणारं मीठ पानांवर बसतं, आत ते पोचत नाही. हाच नियम धरला तर रत्नागिरीपेक्षा नागपूर-अमरावतीच्या मुंग्यांना घामाच्या कपड्यांचं आकर्षण जास्त असायला हवं. घामात लिटरमागे साधारण एक ग्रॅम सोडियम असतं. बनियनच्या काखेत, टोपीच्या कडेला, बुटातल्या मोज्यात ते सुकून बसतं.

बाकीच्या द्रवांचं थोडक्यात. आईच्या दुधात १०० मिलिलिटरला सात ग्रॅमच्या आसपास लॅक्टोज ही साखर असते, शिवाय स्निग्धांश आणि प्रथिनं. वीर्यात फ्रुक्टोज असतं, तेही मिलिलिटरमागे दोन-तीन मिलिग्रॅम. योनिस्रावात ग्लायकोजेन, लॅक्टिक ॲसिड आणि पेशींची प्रथिनं. रक्तात आणि जखमेच्या पाण्यात मीठ आणि प्रथिनं. झोपेत उशीवर गळणाऱ्या लाळेत अन्नाचे कण. आतल्या कपड्यांवर मुंग्या येणं ही अस्वच्छपणाची खूण नाही, हे घरातल्या मुलींना स्पष्ट सांगायला हवं. पांढरं जाणं नेहमीइतकंच असेल, वास-खाज नसेल, तर मुंग्या आल्या म्हणून दवाखान्यात धावायची गरज नाही.

फेब्रुवारी ते मे या काळात आणखी एक साधं कारण असतं, ते म्हणजे पाणी. बाहेर सगळं कोरडं पडलं की न्हाणीघर हा मुंग्यांचा पाणवठा होतो.

लघवी तपासायच्या पट्ट्या: पहिली खरेदी

लघवीकडे मुंग्या धावणं हे प्रमेहाचं, म्हणजे आयुर्वेदातल्या मधुमेहासारख्या विकाराचं, लक्षण म्हणून चरकसंहितेत नोंदवलेलं आहे. निरीक्षण खरं आहे, फक्त त्याचा उलटा अर्थ लावायचा नाही: मुंग्या आल्या म्हणजे मधुमेह आहेच असं नाही. रक्तातली साखर शंभर मिलिलिटरमागे १८० मिलिग्रॅमच्या आसपास गेली की मूत्रपिंडांना ती सगळी परत शोषून घेता येत नाही आणि ती लघवीत उतरते. तेव्हा युरिया-मिठाबरोबर मुंग्यांना साखरही मिळते. फरक डोळ्यांना दिसतो: काही मिनिटांतच दाट रांग लागते, वाळलेला डाग चिकट लागतो, आणि एकच संडास वापरणाऱ्या घरात एका विशिष्ट माणसानंतरच मुंग्या येतात.

ग्लुकोज आणि प्रथिनं दाखवणाऱ्या पट्ट्यांची डबी कोणत्याही बऱ्या मेडिकलमध्ये मिळते. पट्टी ताज्या लघवीत एक-दोन सेकंद बुडवायची, कडेला टेकवून जादा थेंब काढायचा, आणि डबीवर लिहिलेल्या वेळी, ग्लुकोजसाठी बहुधा ३० सेकंदांनी, रंग जुळवायचा. उशिरा वाचलेला रंग धरायचा नाही. या पट्ट्यांत नेमकं काय बिघडतं तेही सांगतो, कारण त्याबद्दल कुणी बोलत नाही. डबीचं झाकण उघडं राहिलं तर पावसाळ्यात पट्ट्या आठवड्यात खराब होतात. ब्लीचिंगने धुतलेल्या मगात लघवी घेतली तर साखर नसताना साखर दिसते. क जीवनसत्त्वाच्या मोठ्या गोळ्या चालू असतील तर साखर असूनही पट्टी कमी दाखवते. पट्टी फक्त १८० च्या वरची कथा सांगते, आणि वय झालेल्या मूत्रपिंडांत ही मर्यादा आणखी वर सरकलेली असते. म्हणून पट्टी कोरी आली तरी शंका असेल तर रक्त तपासायचंच. उपाशीपोटी रक्तातली साखर १२६ मिलिग्रॅम किंवा त्याहून जास्त, किंवा तीन महिन्यांची सरासरी दाखवणारं एचबीएवनसी ६.५ टक्के किंवा त्याहून जास्त, हा मधुमेहाचा आकडा आहे. त्यावर शिक्कामोर्तब डॉक्टर पुन्हा तपासून करतात.

दोन प्रसंग वेगळे काढून सांगतो. पहिला लहान मुलांचा. अंथरूण ओलं करायचं थांबलेलं मूल पुन्हा ओलं करू लागलं, सारखं पाणी मागतंय, वजन उतरतंय आणि सकाळी चादरीवर मुंग्या दिसतायत, तर त्याच दिवशी रक्तातली साखर बघा. उद्यावर टाकू नका. लहान मुलांचा मधुमेह काही दिवसांत जीवघेण्या अवस्थेत जाऊ शकतो. दुसरा प्रसंग मधुमेहाचं औषध चालू असलेल्यांचा. डॅपाग्लिफ्लोझिन, एम्पाग्लिफ्लोझिन या गोळ्या मुद्दाम लघवीवाटे साखर बाहेर काढतात, दिवसाला ७० ग्रॅमपर्यंतही. डॅपाग्लिफ्लोझिनचं पेटंट भारतात २०२० साली संपलं, किंमत उतरली आणि ती घरोघर पोचली. या गोळ्या घेणाऱ्याची रक्तातली साखर उत्तम असूनही संडासात मुंग्यांची रांग लागेल, आणि पट्टी गडद रंग दाखवेल. हा औषधाचा परिणाम आहे. घाबरून गोळी बंद करायची नाही. प्रत्येक वेळी तांब्याभर पाणी जास्त ओतायचं, जागा कोरडी ठेवायची, आणि खाज किंवा लाली आली तर डॉक्टरांना सांगायचं, कारण तिथे बुरशीला ही साखर मिळते. गरोदरपणातही मूत्रपिंडांची मर्यादा खाली येते, त्यामुळे मधुमेह नसताना साखर दिसू शकते. तरी तपासणी करायचीच.

खडू आणि स्प्रे

खडूत पायरेथ्रॉइड कुळातलं कीटकनाशक असतं. ते मुंगीच्या पायाला लागलं की तिची नसांची यंत्रणा बिघडते. अट एकच: रेघ कोरडी हवी आणि मुंगीने ती ओलांडायला हवी. न्हाणीघराच्या फरशीवर पहिल्या आंघोळीत रेघ वाहून जाते. भिंतीवर मारली तर मुंग्या टाइल्सच्या सांध्यातून वळसा घालतात. दरवाजाच्या लाकडी चौकटीला, खिडकीच्या आतल्या कडेला, जिथे पाणी पोचत नाही तिथे दोन-तीन आठवडे काम देते, त्याहून जास्त अपेक्षा ठेवू नये. रांगत्या मुलाच्या उंचीवर खडू ओढायचा नाही. लेबल नसलेले, फेरीवाल्याकडचे पांढरे खडू घेऊच नका. आत कोणतं विष किती आहे हे कळायला मार्ग नसतो. वेष्टनावर नोंदणी क्रमांक आणि रंगीत त्रिकोण असलेला तिरका चौकोन असतो. लाल सर्वांत विषारी, मग पिवळा, मग निळा, सर्वांत सौम्य हिरवा. घरात वापरायच्या वस्तूवर निळा किंवा हिरवाच असावा.

स्प्रेचं दुखणं वेगळं आहे. तो समोरच्या मुंग्या झटपट मारतो आणि माणसाला समाधान मिळतं. पण रांगेत दिसणाऱ्या मुंग्या वारुळातल्या एकूण मुंग्यांचा लहानसा भाग असतात. राण्या आणि अळ्या भिंतीच्या पोकळीत सुरक्षित राहतात. फारो मुंगी, म्हणजे जेमतेम दोन मिलिमीटरची, पिवळसर, पोटाचं टोक काळपट असलेली, हिच्या एका वसाहतीत अनेक राण्या असतात. स्प्रेचा त्रास झाला की ही वसाहत फुटते, राण्या थोड्या कामकरी मुंग्या घेऊन वेगवेगळ्या खोल्यांत बस्तान मांडतात, आणि महिन्याभरात न्हाणीघरातल्या मुंग्या झोपायच्या खोलीत निघतात. इस्पितळांत जखमेच्या पट्टीखाली शिरणारी, सलाइनच्या नळीपर्यंत पोचणारी म्हणून हीच मुंगी जगभर बदनाम आहे. तिच्या अंगावर रोगजंतू सापडलेले आहेत. रुग्णाच्या खोलीत ही मुंगी दिसली तर स्प्रेला हातच लावायचा नाही.

शिवाय आतल्या कपड्यांवर, दुपट्यांवर, गादीवर स्प्रे मारणं म्हणजे नाजूक कातडीला कीटकनाशक लावणं. घरात मांजर असेल तर पायरेथ्रॉइड तिला विशेष बाधतं.

हळद, लवंग, कापूर यांची रेघ मुंग्यांचा माग तात्पुरता मोडते, तेवढंच काम साबणाचं पाणीही करतं आणि ते स्वस्त पडतं. प्लगला लावायच्या ध्वनिलहरींच्या यंत्रावर पैसे घालवू नका.

बोरिक पावडर: खरी विजेती

मेडिकलमध्ये मागताना 'बोरिक ॲसिड आय. पी.' असं लिहिलेली डबी किंवा पाकीट मागा. कॅरमची पावडर म्हणून जे विकतात त्यात काही ठिकाणी बोरिक असतं, काही ठिकाणी वेगळेच गुळगुळीत कण असतात. डबीवर घटक लिहिला नसेल तर ती घेऊ नका. सोहागा, म्हणजे बोरॅक्स, हाही याच कुळातला आणि चालतो, पण बोरिकची मात्रा सांभाळायला सोपी जाते.

आमिषाचं प्रमाण: कोमट पाणी २०० मिलिलिटर, साखर २० ग्रॅम, म्हणजे चहाचे सपाट चार-पाच चमचे, आणि बोरिक पावडर २ ग्रॅम, म्हणजे चहाचा सपाट अर्धा चमचा. आधी बोरिक पाण्यात ढवळून पूर्ण विरघळवा, मग साखर. तळाशी कण राहिले तर आमिष फसलं असं समजा. हे झालं एक टक्का बोरिक, दहा टक्के साखर. सोनाराचा छोटा काटा घरात असेल तर तोलून घ्या, चमच्याचा अंदाज माणसागणिक बदलतो.

सगळे इथेच चुकतात. 'जरा जास्त घातलं तर लवकर मरतील' म्हणून दोन-तीन चमचे टाकतात. जास्त तीव्र द्रावणाची चव मुंगीला कळते आणि ती तोंड लावत नाही, किंवा खाऊन वाटेतच मरते. आपल्याला ती मरायला नको असते, निदान लगेच नको असते. पोटातलं आमिष तिने वारुळात नेऊन इतरांच्या तोंडात, अळ्यांच्या तोंडात आणि शेवटी राणीच्या तोंडात द्यायला हवं. एक टक्का बोरिक तेवढी सवड देतं. म्हणून पहिल्या दिवशी मुंग्या वाढलेल्या दिसतील. ती रांग पुसू नका, त्यावर पाणी टाकू नका, घरातल्या सगळ्यांना तसं सांगून ठेवा. तिसऱ्या-चौथ्या दिवसापासून रांग विरळ होते. काळ्या, सैरावैरा पळणाऱ्या लांब पायांच्या वेड्या मुंग्यांना आणि फारो मुंग्यांना दोन ते चार आठवडे द्यावे लागतात.

द्रावण ठेवायला पाण्याच्या बाटलीचं झाकण घ्या, त्यात कापसाचा छोटा बोळा बसवा आणि तो ओलाचिंब करा. उघड्या पाण्यात मुंग्या बुडून मरतात, कापसावर बसून आरामात पितात. झाकण मुंग्यांच्या रांगेला चिकटून, पण पाणी उडणार नाही अशा ठिकाणी: कमोडच्या टाकीमागे, बेसिनखाली, दाराच्या बिजागरीच्या बाजूला. दोन बाय दोन मीटरच्या न्हाणीघराला दोन-तीन झाकणं पुरतात. दर दोन दिवसांनी कापूस बदला. कारणं दोन. पाणी उडून गेलं की बोरिकचं प्रमाण वाढतं आणि आमिष पुन्हा कडू होतं. शिवाय एप्रिल-मेच्या उकाड्यात साखरपाणी आंबतं. उरलेलं द्रावण फ्रिजमध्ये ठेवणं धोक्याचं आहे, घरातलं कुणी सरबत समजून पिऊ शकतं. आठवड्यापुरतंच करा, बाटलीवर ठळक 'विष' लिहा आणि ती वरच्या कुलपाच्या कपाटात ठेवा.

बोरिकला लोक निरुपद्रवी समजतात, ते चूक आहे. पूर्वी बाळाच्या लंगोटाच्या जागी लाली आली की बोरिक पावडर भुरभुरवत. सोललेल्या कातडीतून ती अंगात जाऊन मुलं दगावल्याच्या नोंदी आहेत. लहान मुलाच्या पोटात ५ ग्रॅमच्या आसपास गेली तर जिवावर बेतू शकतं, तान्ह्या बाळाच्या बाबतीत त्याहून कमी. २०० मिलिलिटर द्रावणात दोनच ग्रॅम आहेत, तेव्हा एका झाकणाने अनर्थ होत नाही, पण पावडरीची डबी मात्र मुलांच्या हाती लागता कामा नये. बाळाच्या अंगाला, कपड्यांना, गादीला बोरिक लावायचं नाही. गरोदर बाईने कोरडी पावडर हाताळू नये, द्रावण दुसऱ्या कुणी तरी करावं.

आता मुख्य अडचण. लघवीवर, रक्तावर येणाऱ्या मुंग्या कधीकधी साखरेकडे ढुंकूनही बघत नाहीत, कारण गोड त्यांना बाहेर भरपूर मिळतंय. म्हणून आमिष मांडण्याआधी तासाभराची परीक्षा घ्या. पुठ्ठ्याच्या एका तुकड्यावर तीन ठिपके: साखरपाण्याचा, शंभर मिलिलिटरमध्ये एक ग्रॅम मीठ घातलेल्या पाण्याचा, आणि शेंगदाण्याच्या कुटात थोडं तेल मळून केलेल्या गोळीचा. बोरिक कशातच नको. पुठ्ठा रांगेजवळ ठेवा आणि कुठे गर्दी होते ते पाहा. साखरेवर झाली तर वरचं द्रावण. शेंगदाण्यावर झाली तर ५० ग्रॅम बारीक कूट, चमचाभर शेंगदाणा तेल आणि अर्धा ग्रॅम बोरिक, म्हणजे चमच्याचा अष्टमांश, नीट मळून हरभऱ्याएवढ्या गोळ्या करा. तेल खवट झालं की मुंग्या सोडून देतात, तेव्हा तीन दिवसांनी नव्या गोळ्या. मिठावर गर्दी झाली तर आमिषापेक्षा धुण्याने काम जास्त होईल, कारण सोडियमचा साठा फरशीवरच वाळून बसलेला असतो. त्यावर पुढे सांगतो. फारो मुंग्यांची आवड काही आठवड्यांनी पालटते, म्हणून तिथे साखर आणि शेंगदाणा ही दोन्ही आमिषं शेजारीशेजारी ठेवावीत.

आयती जेल

ज्यांना मोजमाप नको, किंवा घरात लहान मुलं आहेत म्हणून झाकणं उघडी ठेवायची नाहीत, त्यांच्यासाठी जेल. घेताना एकच गोष्ट नीट बघा. झुरळांची जेल आणि मुंग्यांची जेल वेगळ्या असतात. ॲडव्हिऑन या नावाच्या झुरळांच्या जेलमध्ये इंडॉक्साकार्ब हे कीटकनाशक ०.६ टक्के असतं, मुंग्यांच्या जेलमध्ये ०.०५ टक्के, म्हणजे बारा पटींनी कमी. कारण तेच, मुंगीला घरी पोचायला सवड हवी. दुकानदार 'दोन्हीला चालते' म्हणाला तरी झुरळांची नळी मुंग्यांसाठी घेऊ नका. तीळभर आकाराचे ठिपके, रांगेच्या कडेने हातभर अंतरावर, फटीच्या तोंडाशी लावायचे. मोठा गोळा लावला तर वरची साय वाळते आणि आतलं वाया जातं. ३० ग्रॅमची नळी एका घराला पुष्कळ दिवस पुरते. जेल गोड असते, त्यामुळे प्रथिनांवर आलेल्या मुंग्यांवर ती चालत नाही, आणि ओल्या भिंतीवरून ओघळते. लावलेल्या जागी नंतर फिनाईल किंवा स्प्रे मारला तर त्या वासाने मुंग्या फिरकत नाहीत. जेल खराब आहे अशा बऱ्याच तक्रारींमागे हेच कारण असतं.

द्रव पुसण्याची पद्धत

फिनाईलने वास दबतो, युरिया आणि मीठ जागेवरच राहतात. आधी कपडे धुण्याच्या पावडरीचं पाणी, ताठ ब्रशने टाइल्सच्या सांध्यांमध्ये घासायचं, मग भरपूर साधं पाणी, मग कोरडं. भांड्याची बाहेरची कड, तळाचा सिमेंटचा सांधा आणि पुरुष उभ्याने लघवी करत असतील तर पायाखालच्या फरशीसकट गुडघ्याएवढ्या उंचीपर्यंतची भिंत, कारण शिंतोडे तिथवर जातात. लघवीच्या जागी ब्लीचिंग पावडर सरळ ओतू नका, लघवीतल्या अमोनियाशी तिचा डोळे-घसा जाळणारा वायू तयार होतो. संडास साफ करायच्या ॲसिडबरोबर तर मुळीच नाही, त्यातून क्लोरीन निघतो.

गादीवरच्या डागाला गरम पाणी लावू नका, प्रथिनं कापडात घट्ट बसतात. थंड पाण्याने टिपून घ्यायचं आणि एन्झाइम असलेलं क्लीनर डबीवर लिहिलेला वेळ ओलं ठेवायचं. लगेच पुसलं तर एन्झाइमला काम करायला वेळच मिळत नाही. रक्ताच्या डागालाही थंडच पाणी.

आतल्या कपड्यांना मधोमध बारीक भोकं दिसली तर दरवेळी कापड जुनं झालेलं नसतं. स्राव सुकलेला भाग काही मुंग्या कुरतडतात. ट्रायकोमायर्मेक्स डिस्ट्रक्टर ही मुंगी कापड, रबर आणि वायरीचं आवरणसुद्धा कुरतडते. अंगावरून काढलेला कपडा त्याच वेळी साध्या पाण्यातून खळबळून पिळून दोरीवर टाकला तरी पुरे, साबण सकाळी लावा. ओला गोळा करून बादलीत टाकणं सर्वांत वाईट. वाळलेले कपडे घालण्याआधी उलटे करून झटकायचे, विशेषतः रात्रभर दोरीवर राहिलेले. सॅनिटरी पॅड आणि डायपर आतल्या बाजूने घट्ट गुंडाळून, कागदात बांधून, झाकणाच्या डब्यात, आणि डबा रोज रिकामा. पुण्यात अशा पुडीवर लाल ठिपका काढून ती वेगळी देण्याची पद्धत कचरावेचक संघटनेने रुजवली. पुडी बंद असली की वेचणाऱ्या बाईचे हातही वाचतात.

अंथरुणाला खिळलेला माणूस, किंवा पायाची संवेदना गेलेला मधुमेही, याच्या बाबतीत आमिष परिणाम दाखवेपर्यंत थांबता येत नाही. मुंगी चावलेली त्याला कळत नाही. जखमेची पट्टी ओली झाली की लगेच बदला, आणि रोज बोटांच्या बेचक्या बघा. पलंग भिंतीपासून वीतभर दूर घ्या, चादर, मच्छरदाणी, बेलची वायर यांपैकी काहीही जमिनीला किंवा भिंतीला टेकायला नको. चारही पायांखाली पाण्याच्या वाट्या, जशा पूर्वी दूधदुभत्याच्या कपाटाखाली ठेवत. नुसत्या पाण्यावरची धूळ आणि साय यांवरून मुंग्या चालत जातात, म्हणून पाण्यात भांडी घासायच्या साबणाचे दोन-तीन थेंब टाका, मग त्या बुडतात. लोखंडी पाय गंजत असतील तर वाट्यांऐवजी पायांना जमिनीपासून वीतभर उंचीवर दोन बोटं रुंद व्हॅसलिनचा पट्टा लावा आणि धूळ बसली की पुसून नवा लावा. वाट्या ठेवल्या तर आठवड्यातून एकदा कोरड्या करून आतून घासायच्या, नाहीतर त्याच वाट्यांत डेंग्यूचे डास अंडी घालतील.